आतली चकाकी

१४ मे, सकाळ

प्रिय धाकट्या,

ताईचे अनेक आशीर्वाद. मी ठीक आहे. गुडघा कुरकुरतो, पण तो तुझ्यासारखाच आहे. बोलू द्यावे आणि आपण चालत राहावे. चिमणी बाळाला घेऊन तुमच्याकडे आली, हे वाचून जीव सुखावला. लेकीचे कौतुक पुरे, आता नातवाचे कर.

तुझे विजयपत्र मिळाले. "ताई, तू म्हणालीस तळे मरेल. ये आणि बघ! तळ दिसतो. ना शेवाळ, ना गोगलगायी, ना बेडकांची कटकट. लोक रस्त्यात थांबवून शाबासकी देतात." देणारच. नितळ दिसते ते निर्मळ, अशी आपली सर्वांचीच समजूत. तुझ्यासारख्या जलशुद्धीकरण केंद्राच्या प्रमुखाने मात्र तिथे थांबू नये.

थोडे समजावू? जांभई आवर. पाणवनस्पती गाळ धरून ठेवतात, गोगलगायी दगड खरवडतात, चतुराची पिल्ले डासांच्या अळ्या फस्त करतात. आणि शिंपला! तो अखंड पाणी आत ओढतो, गाळतो, बाहेर सोडतो. काय देखणी यंत्रणा आहे! यांतला कुणीही फुकटचे खात नाही. म्हणून सगळे एकदम नाहीसे झाले, तर विचारावे लागते की कशाने. वनस्पती मारायला कोणते औषध टाकलेस, ते तू याही पत्रात लिहिलेले नाहीस.

यासाठीच मी केंद्रात शिंपल्यांची टाकी बसवून घेतली होती. तळ्यातून गावच्या नळांत जाणारे पाणी आधी त्यांच्यावरून जाते; विषारी काही आले की ते कवच मिटतात. मी सविस्तर टिपण दिले होते. तू भिंतीवर एकच ओळ रंगवलीस : 'उघडे तर पाणी सोडा, मिटले तर थांबवा.' आता लिहितोस, "तुझे बिनपगारी कामगार खूश आहेत. कितीतरी दिवसांत एकदाही मिटले नाहीत. आतून मोत्यासारखे चमकतात, फोटो पाठवतो. जरा वास मारतात, म्हणून टाकीला झाकण बसवले."

इथे मी लेखणी ठेवली आणि फोटो भिंगाखाली धरला.

धाकट्या, नीट वाच. जिवंत शिंपला बारीक फट ठेवतो, आ वासत नाही. अधूनमधून तो मिटतोच, पापणीसारखा. मिटायला स्नायूंचे बळ लागते. बळ सरले की कवच आपोआप उघडते आणि उघडेच राहते. आतली चकाकी जिवंतपणी दिसत नाही. तिच्यावर मांस असते.

तुला फोन केला. तळ्यावरून आपले भांडण झाल्यापासून तू माझा फोन उचलत नाहीस. चिमणीचा लागत नाही. केंद्रातला माणूस हसून म्हणाला, "बाई, सगळे उघडे आहेत. निर्धास्त राहा."

पत्राचा आरंभ फाडून टाकायलाही वेळ नाही. टॅक्सी दारात उभी आहे. ती मला केंद्रावर सोडून हे पाकीट तुझ्या घरी पोचवील. पाकिटावर मोठ्या अक्षरांत लिहिले आहे : 'नळाचे पाणी पिऊ नका. आधी बाळाची बाटली काढून घ्या.'

"दुधाची भुकटी उकळलेल्या पाण्यातच कालवतो," असे तू अभिमानाने लिहिलेस. उकळल्याने जंतू मरतात रे. विष मरेलच असे नाही. पाणी आटते, तसे ते दाटही होते.

जन्मात प्रथमच आपले चुकलेले असावे अशी आस धरून,

तुझी ताई