अन्ननलिका माझा विषय

३ फेब्रुवारी
जेवताना बटाटा छातीत अडकला. थोड्या वेळाने गेला. ही म्हणाली, डॉक्टरांना दाखवा. जनावरांच्या कॉलेजात मी इतकी वर्षं शरीररचना शिकवतोय, अन्ननलिकेवर तर माझं लेक्चर गाजतं. मला डॉक्टर काय सांगणार? बटाटा कच्चा होता, तसं हिला सांगितलं. संध्याकाळी स्वयंपाक झाला नाही.

६ फेब्रुवारी
पाव अडकला. कारण सापडलं. माणसाची अन्ननलिका मुळातच तीन जागी अरुंद असते: घशापाशी, महाधमनीपाशी आणि श्वासपटलापाशी. माझी मधली जागा जरा जास्त अरुंद असणार. म्हणजे हा आजार नाही, रचना आहे. हिला आकृती काढून दाखवली. म्हणाली, मग लग्नापासून आतापर्यंत ही रचना कुठे गेली होती? पालथ्या घड्यावर पाणी.

१० फेब्रुवारी
वर्गात आज रंगलो. गाय आणि कुत्रा यांच्या अन्ननलिकेत शेवटपर्यंत रेखित स्नायू, हातापायांत असतात तसे. आपल्याकडे ते फक्त वरच्या भागात, खाली सगळा मनमानी कारभार. म्हणूनच गाय गिळलेला घास वर आणू शकते आणि आपण नुसते बघत बसतो. संकल्प: इच्छाशक्तीने खालच्या स्नायूंना वळण लावायचं.

११ फेब्रुवारी, सकाळ
वळण लावलं. अंडं परत आलं. शास्त्रीय भाषेत याला रवंथ म्हणायला हरकत नाही.

१५ फेब्रुवारी
पाणी गिळतानाही दुखतं. ही रडली. म्हणाली, तुमच्या बाबांचंही असंच सुरू झालं होतं. मी मोठ्यांदा हसलो. बाबांचं वेगळं होतं. अगदी वेगळं होतं. उद्या जाईन.

१६ फेब्रुवारी
गेलो नाही. पेपर तपासायचे होते. परीक्षा अजून व्हायची आहे, पण तयारी असलेली बरी.

१९ फेब्रुवारी
गेलो. ही पुढे, मी मागे. दुर्बिणीची नळी घशातून आत घालणार होते. गाईंच्या घशात असल्या नळ्या मी ढिगाने घातल्यात, त्यामुळे डॉक्टरांना दोन सूचना केल्या. मग नळी दिसली आणि माझी दातखीळ बसली. नर्स म्हणाली, आजोबा, गिळा. आजोबा!

२० फेब्रुवारी
गाठ नाही. ऐकल्यावर हिने माझा हात धरला. खूप घाबरलो होतो. इतके दिवस इथेसुद्धा लिहिलं नाही.

डॉक्टरांनी विचारलं, गुडघ्याची गोळी कशी घेता? सांगितलं, आडवा पडून, पाण्याशिवाय. घोडा मान खाली घालून पाणी पितो, ते चढावरून वर जातंच की! अन्ननलिकेच्या लाटा आपोआप ढकलतात. डॉक्टर म्हणाले, गोळी मध्येच चिकटून आतून भाजलंय. आणि तुम्ही घोडा नाही. फी घेऊन वर असं बोलतात.

२१ फेब्रुवारी
नवी गोळी. ताठ बसून, ग्लासभर पाण्याबरोबर. जिभेवर ठेवली, घोट घेतला आणि गिळवेचना. भीतीच बसलीय. हिने माझी हनुवटी वर केली, तोंड मिटून धरलं आणि गळ्यावरून खाली हळूहळू हात फिरवत राहिली. आमच्या कुत्र्याला गोळी द्यायची ही पद्धत तिला मीच शिकवली होती.

गोळी गेली. डोक्यावर थोपटून म्हणाली, शहाणा गं माझा तो.