अंगावर दाखवू नये

४ मार्च

पोहोचले. न्यायला भावोजी आले होते. माझी एकच बॅग पाहून म्हणाले, राहायला आलीयस की चौकशीला? ताई दारातच उभी होती, डाव्या पायावर भार न देता, चौकटीला धरून. तिने मला इतकं घट्ट जवळ घेतलं की मी अवघडले. आमच्यात तशी पद्धत कधी नव्हती. मागची खोली मला दिली आहे. टेबल डुगडुगत होतं, त्याच्या पायाखाली पुठ्ठ्याची घडी सारली. खिडकीतून शेजारच्या इमारतीची भिंत आणि पाण्याचे पाइप दिसतात. भाच्यांनी माझ्या उशीवर आधीच हक्क सांगितला आहे. या नोकरीची जाहिरात ताईनेच शोधून पाठवली होती. काम माझ्या शिक्षणाचं, घर आपलं. आणखी काय हवं?

६ मार्च

काम आवडलं. डॉक्टरांनी लिहिलेल्या दुखण्याची आम्ही अक्षरं आणि आकडे करतो, म्हणजे विम्याच्या कागदांसाठी कोड. माझ्याकडे पायाच्या शिरांच्या जुन्या जखमा आल्या आहेत. जखम भरून वर्षं लोटलेली असतात, पण पाय सुजतो, कातडी काळवंडते, घोट्याच्या वर न भरणारा व्रण होतो. अशा वेळी आधी आजचा त्रास लिहायचा, मग ती जुनी जखम, आणि जखमेच्या शेवटी S हे अक्षर. S म्हणजे जखम गेली, हे तिच्यामागे उरलेलं. त्याला मुदत नसते.

नवखे चुकतात ते डाव्या-उजव्यात. रुग्ण समोर उभा आहे असं धरतात आणि आरशासारखी बाजू उलटते. मी रुग्ण स्वतःच्या अंगावर धरते. डावा गुडघा वाचला की माझ्या डाव्या गुडघ्याला हात. माझी बाजू अजून एकदाही चुकलेली नाही.

शेजारच्या टेबलावर बसणाऱ्या वयस्क बाईंना सगळे काकू म्हणतात. त्यांच्यापुढे हातपाय हलणारी एक लाकडी बाहुली असते. बाजू बघायची तर त्या बाहुलीला हात लावतात. मला म्हणाल्या, दुसऱ्याचं दुखणं आपल्या अंगावर दाखवू नये गं, घरी कुणी शिकवलं नाही का? शिकवलं होतं. लहानपणी कुणाला कुठे लागलं ते सांगताना माझं बोट स्वतःकडे वळलं की आई ओरडायची. पुढे मी शरीररचना शिकले आणि असल्या गोष्टी सोडून दिल्या. काकूंकडे बघून नुसती हसले.

९ मार्च

ताई कॉलेजात असताना दुचाकीवरून पडली होती. गुडघ्यामागे पत्रा घुसला, शीर शिवावी लागली. आता संध्याकाळपर्यंत तिची पोटरी दुधीसारखी होते. म्हणजे माझ्या टेबलावर जे येतं, तेच घरात आहे.

आज चहा घेताना तिने विचारलं, ही सूज नेमकी कुठून कुठवर चढते? मी माझ्या पोटरीवरून हात फिरवला. म्हणाली, अगं शहाणे, असं हवेत नको, बोट टेकवून सांग, मला ढब्बूला कसं कळायचं? मी बोट टेकवून दाखवलं. ताईने मला आजवर कधी काही विचारलं नव्हतं. बरं वाटलं.

१२ मार्च

ताईला आराम आहे. भाच्यांबरोबर गाणं लावून नाचली. भावोजी म्हणाले, बहीण काय आली, बाईला पंख फुटले.

माझी डावी चप्पल घट्ट होते आहे. बसून काम, त्यामुळे असेल.

ताईने विचारलं, कातडी काळी पडते ती कुठे, आणि व्रण कुठे होतो? दोन्ही दाखवलं. घोट्याच्या आतल्या बाजूला, जरा वर.

१६ मार्च

घोट्याच्या वर तपकिरी पट्टा उमटला आहे. साबणाने जात नाही. मधोमध कातडी चकाकते, पातळ झाल्यासारखी. ताईची शिवणकामाची फीत मागून घेतली: डावी पोटरी उजवीपेक्षा जाड आहे. पायात रक्त साकळण्याची कारणं एकेक तपासली. एकही मला लागू नाही.

ताई कपडे वाळत घालताना स्टुलावर चढली होती. खाली उतरून म्हणाली, आणि ती शीर गं? शिवली ती नक्की कुठे असते? मी गुडघ्यामागे बोट ठेवलं. ती बराच वेळ त्या बोटाकडे बघत होती.

१९ मार्च

डॉक्टरांकडे गेले. व्रण फुटला आहे. सोनोग्राफी करताना डॉक्टरांनी विचारलं, शीर कधी कापली गेली होती? कधीच नाही, म्हटलं. त्यांनी पडदा माझ्याकडे वळवला. गुडघ्यामागे शीर आक्रसलेली, जुनी शिवण. बाहेरून कातडीवर ओरखडासुद्धा नाही. डॉक्टर म्हणाले, लहानपणी झालं असेल, आईला विचारा.

जखमेशिवाय तिचा परिणाम आमच्याकडे कुणी मान्य करत नाही. असा कागद मी स्वतः परत पाठवते.

२० मार्च

ताई पालथी झोपली होती. तिच्या गुडघ्यामागे पाहिलं. खूण नाही.

उठल्यावर सहज विचारावं तसं विचारलं, ताई, माझा व्रण कुठे आहे, दाखव बघू. तिने शेजारच्या उशीवर बोट ठेवलं. स्वतःच्या पायावर दाखव ना, म्हटलं. हात मागे घेतला. म्हणाली, मला काय कळतं त्यातलं, शिकलेली तू.

मग आठवत बसले. इतक्या दिवसांत तिने स्वतःच्या पायाला बोट लावून एकदाही काही सांगितलं नव्हतं. प्रत्येक वेळी विचारलं होतं. एकेक गोष्ट. सुटीसुटी.

मी तिला तोंडावर विचारलं. ती रडली नाही, चिडली नाही. म्हणाली, तुझं काय, बसूनच तर काम.

२१ मार्च

आईला फोन केला. सगळं क्रमाने सांगितलं. वाटलं होतं, ती ताईला फाडून खाईल.

ती म्हणाली, तिच्या पदरात दोन लेकरं आहेत गं. तुझं एकटीचं निभावतं.

तुला माहीत होतं का, विचारलं.

म्हणाली, तुला बोलावून घ्यायला मीच सुचवलं तिला.

फोन मी ठेवला की तिने, आठवत नाही.

२२ मार्च

बॅग भरली. जिन्याच्या वळणापर्यंत गेले. पाय पुढे पडेना — मोज्यातून ओल. भावोजींनी बॅग उचलून परत आणली. माझ्याकडे न बघता.

ताई खाली शाळेच्या गाडीमागे धावत होती. भाचीचा डबा राहिला होता. धावत होती. माझ्या —

२३ मार्च

आई आली. माझं बघायला, म्हणते.

पाय उशीवर ठेवला, कपाळावर हात फिरवला. मी तोंड फिरवलं नाही. तेवढंही जमलं नाही मला. आईचा हात होता.

२४ मार्च

दुपार. आई जिना चढून आली तर धाप. पलंगावर बसली. म्हणते, डॉक्टर सांगतात हृदयाची झडप बिघडलीय. ती नक्की कुठे असते गं?

कागदावर काढून देते, म्हटलं.

चष्मा नाही आणला, म्हणाली.

तोंडाने सांगते, म्हटलं. मला अडाणी बाईला तसं कळतं का, म्हणाली.

लिहीत राहायचं. लिहिताना हात गुंतलेला राहतो. उजवा तरी.

ताई आत आली, दार लोटलं. माझ्या पायाशी बसली आहे.

डावा हात आईने हातात घेतला. कुरवाळते आहे. सोडवून घ्यायला — जोर नाही — नाही, जोर आहे, पण —

म्हणते, घाबरतेस काय, आईच ना मी. एकच बोट. माझ्या सोन्या, एकदाच.

बोट सरळ करते आहे माझं. ते आता माझ्या छाती