पेन्सिलची रेघ

साकोली, मंगळवार, संध्याकाळ

आज सवयीनं घात केला. ऑफिसात मी केलेला प्रत्येक मसुदा आधी वनिताच्या ट्रेमध्ये जातो. नोकरीत नवी असली तरी तिच्या नजरेतून चूक सुटत नाही. आज इतर कागदांसोबत तिच्याच सेवासमाप्तीचा मसुदा मी तिथं टाकला. विभागीय परीक्षेत ती तिसऱ्यांदा नापास झाली, आता संधी उरली नाही. पेपरात घड्याळाकडे पाहिलं की हात थांबतो म्हणते.

माझ्या लक्षात येईपर्यंत तिनं तो वाचला होता. अंबाड्यात खोचलेली पेन्सिल काढून तिनं एका ओळीखाली रेघ मारली आणि कागद माझ्यापुढे ठेवला.

"भाऊ, हा नियम कायमवाल्याइले लागते. मी तं अजून परिवीक्षेवर आहो."

खरंच चुकलं होतं. तसाच आदेश निघाला असता तर त्याच ओळीवर तिला अपील करता आलं असतं.

मी हळूच विचारलं, "मंग दाखवलं काहून? राहू द्यायचं होतं."

"अन् साहेबाची बोलणी तुमाले बसली असती." पेन्सिल पुन्हा अंबाड्यात.

कागद घरी आणला आहे. दुरुस्त करू? माझं काम तर तेच.

आत्ता मुलीचं खोडरबर घेऊन ती रेघ पुसली. उद्या हाच कागद सहीला ठेवीन. साहेब वाचणार नाहीत. माझ्या टेबलावरचे कागद वनितानं तपासलेले असतात, हे त्यांना ठाऊक आहे.