मी ‘आलुस्ता’ दाबलं

३० ऑक्टोबर, बुधवार

जागा नाही! शेतीच्या खेळाला नवा अपडेट आलाय, तो घेतल्याशिवाय आत पाऊल टाकू देत नाहीत. लागणार नव्वद जीबी, शिल्लक आहेत सात. लेक मिर्का ताम्पेरे शहरात राहायला गेली तेव्हा खेळाचा कन्सोल इथंच टाकून गेली, आणि तिचे सहा अवाढव्य खेळही. तलवारी, राक्षस, फुटबॉल. मी त्यातला एकही उघडत नाही, पण पुसवतही नाहीत. पोरगी सुट्टीला आली की दोन दिवस त्यातच असते.

बासष्ट वर्षांची मी, शाळेच्या स्वयंपाकघरात पस्तीस वर्षं पाव भाजून निवृत्त झालेली, आणि पडद्यावर ट्रॅक्टर चालवते! माझं मलाच हसू येतं. पण तिथं सिर्पा असते.

सिर्पा माझी थोरली जाऊ. तिचा रेइनो आणि माझा इल्पो सख्खे भाऊ, पण सहा वर्षं एकमेकांचं तोंड बघत नाहीत. कशासाठी? तळ्याकाठच्या अकरा मीटर जमिनीसाठी. त्या पट्ट्यावर त्यांच्या बापानं बांधलेली, वाफ घ्यायची लाकडी सॉना आहे, ती रेइनो वापरतो. इल्पो म्हणतो हद्दीचा दगड सॉनेच्या पलीकडे होता, म्हणजे पट्टा आपला. रेइनो म्हणतो अलीकडे होता. दगड तर केव्हाच गायब! आता १४ नोव्हेंबरला मोजणीवाले तळ्यावर येणार, दोघांचे पुरावे बघणार. इल्पो जिंकला तर रेइनोला सॉना पाडावी लागेल.

आम्ही दोघी जावा गावात बोलताना दिसलो तर दोन्ही घरांत भडका उडेल. म्हणून कानाला हेडफोन लावून पडद्यावर बटाटे लावतो. इल्पोला वाटतं मी एकटीच खेळते.

३१ ऑक्टोबर

मिर्काला फोन केला. "आई, सोपं आहे गं. बाहेरची डिस्क लाव आणि माझे खेळ तिच्यावर हलव. उजव्या ड्रॉवरमध्ये माझी काळी डिस्क आहे बघ, त्यात फक्त जुने सिनेमे आहेत."

उजवा ड्रॉवर. लक्षात ठेवलं. डाव्यात इल्पोची असते, तशीच काळी, एकाच सेलमधून आणलेली. तिला हात लावायचा नाही! सहा वर्षांचा पुरावा तिच्यात आहे. जुने नकाशे, इल्पोच्या आत्याच्या अल्बममधले सगळे फोटो, पत्रं. आत्या गेली, तिचं घर रिकामं झालं, अल्बम कुठल्या कुठे गेले. इल्पोचा लॅपटॉपही वसंतात बंद पडला. जे आहे ते त्या डिस्कवर.

२ नोव्हेंबर, शनिवार

आज गेलेल्यांच्या आठवणीचा दिवस, सकाळी दफनभूमीत मेणबत्ती लावून आलो. सासऱ्यांच्या दगडासमोर रेइनोची आधीच जळत होती. इल्पोनं आपली हातभर लांब ठेवली, बर्फात खड्डा करून. मेल्या बापासमोरसुद्धा हद्द!

घरी आल्यावर तो लाकडं फोडायला गेला. मी डिस्क लावली. पडद्यावर आलं की हे यंत्र वापरायचं तर ‘आलुस्ता’ दाबा. आता आलुस्ता म्हणजे काय? आमच्या फिनलंडात लहान पोरालाही माहीत आहे, ‘सुरुवातीपासून’. आणि माझ्यासारखीला तर दुसराही अर्थ जिभेवर असतो: पीठ मळ! पस्तीस वर्षं मी दुसरं केलं काय? मला वाटलं, डिस्कला जरा तयार करायचंय, कणीक मळून ठेवतात तसं. खाली बारीक अक्षरात होतं, ‘सर्व काही काढलं जाईल’. मग मला हवं तरी काय होतं? कन्सोलवरचं सगळं काढून इकडे न्यायचं होतं!

दाबलं. बारा सेकंद लागले. मग मिर्काचे सहाही खेळ हलवले, तासाभरात जागाच जागा. सिर्पाबरोबर बीट पेरलं. किती दिवसांनी हसलो दोघी!

मग केबलची पिशवी ठेवायला डावा ड्रॉवर उघडला. आत काळी डिस्क होती. तिच्यावर हिरवा स्टिकर, मिर्काच्या अक्षरात ‘सिनेमे’.

सप्टेंबरात ड्रॉवर पुसायला मीच काढले होते. मीच उलटसुलट बसवले. मी! मी! मी!

३ नोव्हेंबर, रविवार

मिर्काशी बोलले, गाडीत बसून, काचा वर करून.

"आई, तू आलुस्ता दाबलंस?"

"तयार करायची म्हणून!"

"अगं, तिथं आलुस्ता म्हणजे डिस्क कोरी करणं! खाली लिहिलेलं असतं."

"मला वाटलं मळायचं."

"काय मळायचं?"

"कणीक!"

मला वाटलं आता हसेल. हसली नाही. "त्यावर नंतर काही टाकलंस का?" टाकलं ना, सहा खेळ! चारशे जीबी! मग म्हणाली, आत्ताच्या आत्ता काढ, परत लावू नकोस, आणि बाबाला सांग.

कसं सांगू? ‘तुझी सहा वर्षं पुसली, कारण मला रेइनोच्या बायकोबरोबर बीट पेरायचं होतं’? कोण म्हणेल ही चूक झाली? मीसुद्धा म्हणणार नाही. तो म्हणेल, सिर्पानं सांगितलं आणि तू केलंस.

४ नोव्हेंबर

आज जे केलं ते लिहायची लाज वाटते. मिर्काच्या डिस्कवरचा हिरवा स्टिकर नखानं खरवडला. ती डाव्या ड्रॉवरमध्येच, इल्पोच्या डिस्कच्या जागी, राहू दिली. चाळीस वर्षांच्या संसारात मी या माणसाला असं कधी फसवलं नव्हतं.

५ नोव्हेंबर, मंगळवार

दाताच्या डॉक्टरकडे जाते सांगून कायानीला गेले, शंभर किलोमीटर. रस्ताभर ओला बर्फ. तिथं तार्मो म्हणून एक माणूस आहे, पुसलेल्या डिस्कमधून काही निघतं का बघतो. माझ्या मिर्काएवढाच असेल. मी सगळं सांगितलं, कणकेसकट. तो हसला नाही, म्हणून मला तो आवडला.

"नुसती कोरी केली असती तर जवळजवळ सगळं निघालं असतं," तो म्हणाला. "पण तुम्ही वर खेळ लिहिलेत. जिथं लिहिलं गेलं तिथलं गेलं. उरलेल्या जागेत काय सापडतं ते बघतो."

"चौदाच्या आत?"

"बुधवारी, तेराला फोन करतो."

परत आले तर इल्पो विचारतो, "दुखलं का?" मला क्षणभर कळेचना कशाबद्दल विचारतोय. मग गालाला हात लावला. दुखलं म्हणाले.

६ नोव्हेंबर

इल्पोनं डावा ड्रॉवर उघडला! मी चुलीपाशी. हातातला डाव तसाच. त्यानं चिकटपट्टी घेतली आणि ड्रॉवर बंद केला.

७ नोव्हेंबर

पुन्हा उघडला. बॅटरी घेतली.

८ नोव्हेंबर, शुक्रवार

इल्पो डिस्क बघत का नाही? सहा दिवसांवर बैठक आली! गेल्या हिवाळ्यात रोज संध्याकाळी फोटो मोठे करकरून बघायचा, मला हाका मारायचा, ‘हिल्का, हा बघ दगड, हा दगड नाही तर काय आहे?’ मला तर सगळीकडे शेवाळंच दिसायचं. आता विचारलं तर "झालंय सगळं तयार" म्हणतो आणि पेपर वर धरतो. त्याची ही शांतता मला सोसवत नाही. मोजणीवाल्यांच्या लॅपटॉपला, रेइनोसमोर, तो डिस्क लावणार आणि तिच्यातून मिर्काचे सिनेमे निघणार. त्याची मान खाली जाणार, सहा वर्षांनी, भावासमोर. आणि ती मी खाली घालायला लावलेली असणार.

सिर्पा खेळात आली होती. तिकडेही तेच. "रेइनो जेवत नाही गं. काल सॉनेत जाऊन नुसता बसला, चूल न पेटवता, कोट घालून. म्हणतो बापानं एकेक ओंडका हातानं तासलाय." मग हळूच विचारलं, "इल्पोकडे नक्की काय आहे? पक्कं आहे का काही?"

आता काहीच नाही, एवढं म्हणायचं होतं. तिचं घर आजच्या आज निवांत झोपलं असतं. पण नवऱ्याला सांगायच्या आधी जावेला सांगायचं? तेवढी मी घसरलेली नाही. "मला ते दाखवत नाही," म्हणाले आणि ट्रॅक्टर खड्ड्यात घातला.

१० नोव्हेंबर, रविवार. वडिलांचा दिवस

मिर्का काल आली. सकाळी कॉफी आणि केक अंथरुणात नेऊन दिला बापाला, लहानपणी द्यायची तसा. इल्पोचे डोळे भरून आले. असा माणूस, आणि मी!

मला सरपणाच्या खोलीत गाठलंच तिनं. "सांगितलंस?"

"तार्मोचा फोन येऊ दे. निघालं तर सांगायची गरजच—"

"आई! बाबा त्या बैठकीत उघडा पडेल. तू सांग, नाहीतर मी सांगते."

"बुधवारपर्यंत थांब. बुधवारी मीच सांगते. शब्द."

दुपारी ती त्याला म्हणाली, "बाबा, समजा तू हरलास तर?" तो बशीतला चुरा बोटानं गोळा करत म्हणाला, "तर हरलो." एवढंच! सहा वर्षं या घरात ‘हरलो’ हा शब्द कुणी काढायची सोय नव्हती. मिर्कानं माझ्याकडे बघितलं. मी कप उचलले आणि विसळत बसले.

११ नोव्हेंबर

दिवसभर राईचे पाव केले. नऊ. खाणार कोण?

१२ नोव्हेंबर

कन्सोल बंद. सिर्पाचे तीन निरोप. उत्तर दिलं नाही.

१३ नोव्हेंबर, बुधवार

फोन दहा वाजता आला. तार्मो बिचारा आधी हवामानाबद्दल बोलला, तेव्हाच कळलं.

चाळीसेक फोटोंचे तुकडे निघाले. वरची पट्टी दिसते, खाली राखाडी. आभाळ दिसतं, कडेला झाडांचे शेंडे, एकात कुणाची तरी टोपी. "जमीन एकाही फोटोत नाही," तो म्हणाला. "मी दोनदा बघितलं. फार वाईट वाटतं मला."

मी टेबलाशी जाऊन बसले. इल्पो कोडं सोडवत होता. सगळं सांगितलं. उलटे बसवलेले ड्रॉवर, आलुस्ता, खेळ, स्टिकर, न दुखणारा दात. सिर्पाचंही सांगितलं, दोन वर्षांपासूनचं. शेवटी म्हणाले, "तू मला घराबाहेर काढलंस तरी मी काही बोलणार नाही."

मी त्याच्या ओरडण्याची वाट बघत होते. ओरडला असता तर बरं झालं असतं! त्यानं पेन्सिल खाली ठेवली.

"बरं," म्हणाला. "कॉफी आहे का?"

दिली. प्याला. मग बूट घालून अंगणात गेला आणि अंधार पडेपर्यंत बर्फ ओढत राहिला. जिथला आधीच ओढून झाला होता तिथलाही.

उद्या सकाळी दहाला. मी बरोबर जाणार. मान खाली घालायची तर दोघांनी.

१४ नोव्हेंबर, गुरुवार

इल्पो मोजणीवाल्यांना घेऊन चालत गेला आणि पायानं जागा दाखवली. सॉनेच्या अलीकडे. रेइनो म्हणतो तीच! "दगड इथं होता," म्हणाला. "माझं चुकलं." रेइनो तिथंच बर्फात खाली बसला.

परत येताना गाडीत बोलला. सप्टेंबरात वाचनालयातल्या कॉम्प्युटरवर आत्याच्या एका फोटोत त्याला दगड दिसला होता, स्पष्ट, अलीकडे. तेव्हापासून तो फोटो ना त्याला पुसवत होता, ना कुणाला दाखवता येत होता. आणि त्या शनिवारी तो हातमोजे घ्यायला आत आला होता. माझ्या मागे दारातच उभा होता. डिस्क त्यानं ओळखली. पडद्यावरचं वाचलं.

"मग ओरडला का नाहीस?"

"ओरडणार होतो."

पुढचं वळण घेतलं. मग म्हणाला, "फोटो गेला म्हणजे सुटलो असं वाटलं होतं. सुटलो नाही. तेवढं मात्र झालं, की आज आपण होऊन सांगता आलं. फोटो दाखवला असता तर म्हणाले असते, पकडला गेला."

बारा दिवस! बारा दिवस मला जळत ठेवलं या माणसानं! मी गाडी थांबवायला लावली, उतरले, दार आपटलं आणि उरलेले दोन किलोमीटर चालत आले. इतका राग आयुष्यात कधी आला नव्हता, आणि इतकं हलकंही कधी वाटलं नव्हतं. तो घरापर्यंत माझ्या मागून गाडी चालवत होता, पहिल्या गिअरमध्ये. एकदाही हॉर्न वाजवला नाही.