बाबांनी बटणं काढली

शेतिकां, ३ एप्रिल २००९

प्रिय अल्बां दादा,

कसा आहेस? मुलं आणि वहिनी बरी असतील. इकडे बंदरातला बर्फ फुटलाय आणि खेकड्याच्या बोटींना रंग लागतोय. फिलोमेन आत्या एक्याऐंशीची झाली. केक कापायच्या आधी तिनेच सगळ्यांची नाडी पाहिली. चाळीस वर्षं परिचारिका होती, सवय जात नाही.

बाबा ठणठणीत आहेत. हे आधी सांगते, कारण पुढे वाचून तू घाबरशील.

मार्चच्या मध्याला त्यांना ताप आला. थोडा खोकला, उजव्या कुशीत टोचणी. मी रोज दवाखान्यात कामावर जाताना त्यांना तपासून जात होते. तुला त्यांचं ते लोकरीचं अंगभर आतलं कापड ठाऊकच आहे, गळ्यापासून खाली बटणं. मुलीसमोर बटणं काढायची नाहीत हा त्यांचा कायदा. मी छाती ऐकायची नळी काढली की ते पाठ फिरवायचे, मानेमागून कापड ओढून धरायचे आणि म्हणायचे, "ऐक पटकन, थंडी वाजते." मी ऐकायचे. दोन्हीकडे श्वास स्वच्छ. "सर्दी आहे, पडून राहा," असं तीन दिवस सांगितलं.

चौथ्या दिवशी मी-कारेम होता, ईस्टरआधीच्या उपासांच्या मधला आपला सोंगांचा सण. तू चार वर्षांत आला नाहीस, पण नियम विसरला नसशील. सोंग घेऊन आलेल्याला नाव विचारायचं नाही, ओळखायचं. ओळखलं की त्याने मुखवटा काढायचा.

संध्याकाळी मी आत्याच्या स्वयंपाकघरात होते. बाबांना गरम रस्सा देऊन, पांघरूण घालून निघाले होते. सोंगांच्या एका टोळक्यात एक लठ्ठ नन आली. काळी चादर, पोटाला उशी, तोंडावर मोजा ओढलेला. लोक ओरडले, "पोस्टातला रेमी!" ननने मान हलवली. "रेमीची सासू!" पुन्हा नाही. आत्या म्हणाली, "सिस्टर, जरा नाचून दाखवा की." नन दोन पावलं झकास नाचली, मग उजवी कूस धरून खुर्चीत बसली आणि हाताने 'थांबा' अशी खूण केली.

सगळे हसले. आत्या हसली नाही. तिने उशी ओढून फेकली आणि ननच्या छातीवर, उजवीकडे, पुढच्या बाजूने, सरळ आपला कान टेकवला. ननला गुदगुल्या झाल्या.

"गप्प बसा सगळे! आणि तू श्वास घे. मोठा. अजून." मग ती ताठ उभी राहिली. "हा आमचा सिमों आहे. आणि या गाढवाला न्यूमोनिया झालाय."

मोजा वर गेला. आत बाबांचा घामेजलेला, लाल चेहरा. "हरलो बुवा," ते म्हणाले, "पण नाचलो की नाही?"

मी म्हणाले, "आत्या, मी तीन दिवस तपासतेय. छाती साफ आहे."

"कुठून तपासलीस?"

"पाठीवरून."

"आणि पुढून?"



इस्पितळात छातीचा फोटो काढला. उजव्या फुप्फुसाचा मधला खंड. तिथल्या डॉक्टरीणबाईंनी दाखवलं, हृदयाची उजवी कड धुक्यातल्या किनाऱ्यासारखी पुसली गेली होती. हा खंड पाठीकडे येतच नाही, पुढे छातीवर किंवा काखेखालीच ऐकू येतो. हे तू मला परीक्षेच्या वेळी आपल्या जिन्यात बसून शिकवलं होतंस, दादा. माझ्याच बरगड्यांवर बोट ठेवून.

सहा दिवस सुईवाटे औषध, मग गोळ्या. पाचव्या दिवशी त्यांनी इस्पितळाच्या जेवणाला शिव्या दिल्या, तेव्हा मी बाहेर जाऊन रडले. आनंदाने. आता ते कोणासमोरही बटणं काढतात. परवा रेमी टपाल घेऊन आला, त्यालाही जागा दाखवली. "इथे होता बघ. पोरीला पाठीत सापडत नव्हता."

सगळे हसतात. मीही हसते. पण बटणं हे निमित्त होतं. दुसऱ्या कोणाही म्हाताऱ्याला मी दटावून बटणं काढायला लावली असती. बाबांना काही झालेलं मला नकोच होतं. पाठ साफ निघाली, मी सुटले, आणि पुढे पाहिलंच नाही.

तूही त्या नाताळात आईचं पोट तपासून "वात आहे" म्हणाला होतास. तिला दफनभूमीत पोचवून आल्यावर, आत्याच्या याच स्वयंपाकघराच्या दारात मी म्हणाले, "एवढा शिकलास आणि आपल्या आईचं पोट कळलं नाही तुला." तू कोट घातलास आणि गेलास. तेव्हा मला वाटलं होतं, तू लक्षच दिलं नाहीस. आता वाटतं, तिचं बरं असावं म्हणून तू माझ्यासारखाच जीव तोडून ऐकत होतास, आणि तेच तुला ऐकू आलं.

चुकलं माझं, दादा. ही ओळ लिहायला चार वर्षं लागली आणि एक नन.

काल दुसरा फोटो काढला. कड पुन्हा दिसू लागलीय. बाबांनी दोन्ही फोटो खिडकीच्या काचेला चिकटवलेत, मागून उजेड येतो. "अल्बांला दाखवायचेत," म्हणतात, "तो आल्याशिवाय काढू नकोस." बारा तारखेला ईस्टर. मांस भरून भाजलेली पै मी करणार आहे, आत्या नावं ठेवणार आहे.

सोंग न घेता ये. ओळखू आम्ही.

तुझ्या जिन्यातल्या धड्याची नापास विद्यार्थिनी,
ओदील