तुझं आवाळू, माझं आवाळू

माय, तुझ्या गळ्यातलं आवाळू बहुतेक साधंच होतं. हे मला कळून बरेच दिवस झाले, पण अजून ते डोक्यात नीट शिरत नाही. शाळेत फळ्यावर लिहिता लिहिता मध्येच आठवतं आणि खडू हातात तसाच राहतो. साधं म्हणजे कॅन्सरचं नाही, एकाचं दुसऱ्याला लागणारं तर मुळीच नाही. नुसती वाढत जाणारी एक गाठ. ती तू जन्मभर पदराखाली झाकून ठेवलीस, तिच्यापायी चारचौघांतून उठलीस, आणि आम्ही सगळ्यांनी तुला उठू दिलं. मला राग आलाय की रडू येतंय हेच कळत नाही. दोन्ही होतंय.

कसं कळलं ते सांगते. मुरुम गावच्या बाजारात बांगड्या भरायला बसले होते. कासारीण माझ्या हातावर बांगडी चढवता चढवता थांबली आणि म्हणाली, "बाई, गळ्याला काय झालं वो तुमच्या?" काही नाही म्हणून मी उठले. घरी येऊन दार लावलं आणि आरशासमोर उभी राहून पाणी प्यायले. घोटाबरोबर एक गाठ वर गेली आणि खाली आली. अगदी तुझ्यासारखी, उजव्या अंगाला. आणि पहिला विचार काय आला सांगू? लागलं. मायचं लागलं. एवढी वर्षं मी पोरांना विज्ञान शिकवते, रोग कशानं पसरतात आणि कशानं पसरत नाहीत हे घोकून घेते, आणि माझ्या स्वतःच्या डोक्यात पहिल्यांदा हेच आलं.

याला कारण तू. तुझा तो फटका. डी.एड.ला होते तेव्हा सुट्टीत घरी, माकणीला आले होते. बसमधून उतरून उन्हातानात चालत आले, तशीच चुलीपाशी बसले आणि समोर भरून ठेवलेलं फुलपात्र उचलून तोंडाला लावलं. ते तुझं होतं. तू भाकरी तव्यावर तशीच सोडून माझ्या हातावर असा फटका दिलास, की फुलपात्र राखेत जाऊन पडलं. "अगं सटवे, तुला बी लागंल की! लग्नाची पोर तू, गळ्यात आवाळू घिऊन कुणाच्या घरी जाशील?" भाकरी करपली. करपल्याचा वास घरभर झाला तरी तू तिच्याकडं पाहिलं नाहीस, माझ्या हाताकडं बघत होतीस. पुढं माझी लेक झाली, तेव्हा तू तिला मांडीवर घेऊन तोंड दुसरीकडं करून बसायचीस. मुका म्हणून कधी घेतला नाहीस तिचा. मला वाटायचं, मायला नातू हवा होता, नात आवडली नाही. तुला एका शब्दानं विचारलं असतं तर?

आणि तो डाग. मी आठवीत आहे. आत्यानं कुठून तरी ऐकून आणलंय की पलीकडच्या गावात एकजण डाग देतो, आवाळू जागच्या जागी बसतं. दादा बैलगाडी जुंपतो. नुकतंच मिसरूड फुटलंय त्याला, शेत बघायला लागलाय, आपण मायला बरं करून आणणार म्हणून छाती काढून गाडी हाकतोय. तो माणूस अंगणात बसलेला. गोवऱ्यांच्या विस्तवात सळई. तू खाली बसतेस, मान वाकडी करतेस, पदर दातात धरतेस. मी तुझ्या मागं उभी आहे. सळई टेकते तेव्हा आवाज येतो, तो तुझा नसतो, कातडीचा असतो. तीन वेळा. मग तो माणूस सांगतो, रोज लोणी लावा आणि सव्वा महिना आळणी खा. तू सव्वा महिना आळणी खाल्लंस. डाग पिकले, वाळले, त्यांचे तीन गोल वण राहिले आणि आवाळू होतं तिथंच होतं. नंतर सोलापूरच्या दवाखान्यात ऑपरेशन करू म्हणाले, तर तू सरळ चपला घातल्यास. "एकदा भाजून घितलं, आता कापून घिऊ व्हय?" त्यानंतर कुणी तुझ्या गळ्याला हात लावला नाही. कुणी तपासलंही नाही, आणि एका रात्री तू झोपेतच गेलीस.

माझी तपासणी मात्र सोलापूरला रीतसर झाली. सोनोग्राफी झाली, सुईनं गाठीतलं थोडं काढून दोनदा तपासलं. साधी आहे म्हणाले. पण वाढत होती. आडवं झालं की गळ्यावर कुणी हात ठेवल्यासारखं व्हायचं, भाकरीचा घास अडकायचा, चौथ्या तासाला वर्गात आवाज बसायचा. ऑपरेशन करायचं तर गळ्यावर चिरा येणार, आणि कदाचित रोजची गोळी मागं लागणार. तिथल्याच डॉक्टरांनी सांगितलं, पुण्यात न कापता करतात, दाखवून तर या. म्हणून दादाला बरोबर घेऊन पुण्याला गेले. दादा आता म्हातारा दिसतो, माय. पण प्रवासात पिशवी माझ्या हातात देत नाही.

डॉक्टरीणबाई लातूरकडच्या निघाल्या, बोलायला मोकळ्या. त्यांनी चित्र काढून दाखवलं. एक बारीक सुई बाहेरून गाठीत घालायची, सुईचं टोक विजेनं तापतं, त्या उष्णतेनं गाठ आतल्या आत जाळायची. जळालेला भाग शरीर हळूहळू जिरवून टाकतं. एवढं ऐकलं आणि माझ्या कानात ती सळई वाजली. खरंच वाजली. मी दादाकडं पाहिलं तर तो उभाच राहिला होता. "म्हंजी डागच की वो बाई! आमच्या मायला दिलता डाग. म्या स्वतः घिऊन गेलतो. तिचं काय बी बरं झालं न्हाय, नुसती भाजली. आता हिला न्हाय देऊ देणार म्या. ऊठ गं, चल." आणि मी उठले. एवढी शिकलेली बाई, भावाच्या मागं निमूट बाहेर चालायला लागले.

बाई रागावल्या नाहीत. "काका, बसा. त्या माणसाला कातडीखालचं दिसत होतं का?" दादा म्हणाला, न्हाय. "मला दिसतं. सुईचं टोक कुठंय ते सगळा वेळ पडद्यावर दिसतं. कातडीला चटका बसत नाही." मग धोकाही लपवला नाही. आवाजाची नस गाठीच्या मागूनच जाते, तिला उष्णता लागली तर आवाज घोगरा होऊ शकतो, बहुतेकदा पुन्हा सुधारतो, पण कधीकधी नाही. सगळ्याच गाठींना हा उपाय चालत नाही, आणि चालला तरी काहींची गाठ पुन्हा वाढते. मी मास्तरीण, माझं पोट आवाजावर. त्यात तुझी ती वाकडी केलेली मान डोळ्यासमोरून हलेना. आठ दिवस असेच गेले. शेवटी हो म्हणाले, ते धाडसानं नाही. घास अडकायचा त्याला कंटाळले होते.

ठरल्या दिवशी दादा पिशवीत एक स्टीलचा डबा घेऊन आला. माकणीहून. "काय आहे रं दादा?" तर म्हणाला, "लोणी. तुझ्या वहिनीनं ताजं काढून दिलंय. ती बाई काय बी म्हणू दे, भाजल्यावर लागतंच." आणि माय, मी त्याला हसले नाही. मी स्वतः आदल्या दिवसापासून आळणी खात होते. कुणी सांगितलं नव्हतं. हात मिठाकडं जाईचना.

गळ्याला भूल दिली, मी पूर्ण जागी. बाई म्हणाल्या, "मधून मधून बोलायला लावीन, आवाज ऐकायचाय मला." मी हाताच्या मुठी आवळून कातडी जळण्याच्या त्या आवाजाची वाट बघत होते. आलाच नाही. गळ्यात ऊब वाढली, जबड्याकडं आणि दाताकडं थोडी कळ गेली, सांगितलं की बाई थांबायच्या. "बोला," म्हणाल्या, आणि मला दुसरं काही सुचेना म्हणून मी तुझं सांगायला लागले. गोवऱ्या, सळई, दातातला पदर, राखेत पडलेलं फुलपात्र, लेकीचा न घेतलेला मुका. थोडं बोलायची, थांबायची, पुन्हा बोलायची. आजवर कुणालाच सांगितलं नव्हतं ते सगळं एका परक्या बाईला, गळ्यात सुई असताना. आणि मग त्या म्हणाल्या, "झालं." मला वाटलं पहिली खेप झाली. पण सगळंच झालं होतं. एवढ्यात झालं? एवढ्यासाठी तू जन्मभर मान खाली घातलीस?

गळ्यावर सुई टोचल्याचा एक ठिपका, त्यावर चिकटपट्टी. दादानं वाकून वाकून पाहिलं. डबा उघडून हातात धरून तो भाजलेली जागा शोधत होता. नर्सनं विचारलं, "आजोबा, हे काय?" तो गोंधळला, म्हणाला, "काय न्हाय, खायाला आणलंय." मग संध्याकाळी मला घरी सोडायच्या आधी आम्ही खरंच ते भाकरीला लावून खाल्लं, वर मीठ घालून.

निघताना बाई आपणहून म्हणाल्या, "तुमच्या आईंची गाठ न तपासता मी खात्रीनं काही सांगू शकत नाही. पण इतकी वर्षं ती तशीच होती, त्यांना दुसरा त्रास नव्हता, म्हणजे बहुतेक साधीच असणार. आणि एक लक्षात घ्या, साधी असो की कसली, या गाठी उष्ट्या पाण्यानं लागत नाहीत. घरात दोघींना होऊ शकतात, पण एकीचं दुसरीला लागून नाही." दादानं विचारलं, "म्हंजी ती झोपेत गेली, ते यानं न्हाय?" यानं गेल्याचं काही दिसत नाही, म्हणाल्या. तो बाहेर जिन्यावर जाऊन बसला. मी गेले तर म्हणाला, "कातडी जळाल्याली म्या बघितली की गं. म्या तिथंच हुतो." आणि टोपी तोंडावर धरून रडला. मला तर रडूही येत नव्हतं. माझ्या लेकीचा एक मुका, माय. तेवढा तरी घ्यायचा होतास.

आवाज शाबूत आहे माझा. गाठ महिन्यामहिन्यानं कमी होतेय, आता निम्म्याहून लहान झालीय. घास खाली उतरतो. दादा दर आठवड्याला फोन करून विचारतो, "कमी झाली का गं?" आणि मी म्हणते, "व्हय, लई कमी झाली." तो खूश होतो. हे कागद मी कुणाला दाखवायची नाही, त्याला तर नाहीच. कारण एक गोष्ट त्याला सांगता येत नाही. आवाळू दिसू नये म्हणून तू कधी फोटो काढू दिला नाहीस, त्यामुळं तुझा चेहरा माझ्याकडं कुठंच नाही. गाठ आल्यापासून आरशात बघितलं की मला तू दिसायचीस. अगदी तू. आता दिवसेंदिवस मीच दिसायला लागलेय. पुढच्या महिन्यात पुन्हा सोनोग्राफी आहे, आणि गाठ थोडी तरी शिल्लक निघावी असं मला वाटतं.