मोठीचं लुगडं

४ फेब्रुवारी १९३४
आले बाई एकदाची सासरी! कारंज्याहून बैलांच्या दमणीत बसले ती केनवडच्याही पुढे येऊनच उतरले. वाटभर हरभऱ्याचे घाटे सोलून खाल्ले, बोटं अजून आंबट आहेत. घर ऐसपैस, सासूबाई गोजराबाई मायाळू, आणि हे... जाऊ दे, लिहायला लाज वाटते. देखणे आहेत आणि हळू बोलतात, एवढंच सांगते. दारासमोरच एक काळाशार डोंगर आहे. सारा गाव त्याला ‘मोठी’ म्हणतो. डोंगराला बाईचं नाव! मला हसूच आलं. बाबांनी हौसेने लिहायला शिकवलं, त्याचं चीज व्हावं म्हणून ही रोजनिशी धरली आहे.

६ फेब्रुवारी
हसू जिरलं. आज सासूबाईंनी सगळं सांगितलं. या घरातल्या थोरल्या मुलाचं पहिलं लग्न डोंगराशी लागतं. “माह्या इंद्रभानचं पोरवयातच लागलं मोठीसंग. तू धाकटी,” असं म्हणाल्या, जसं काही रोजचंच बोलणं. म्हणजे मी दुसरेपणाची! शेजारणीही मला धाकटी म्हणूनच हाक मारतात. अमावस्येला हे दिवसभर वर जाऊन बसतात. पहिल्या अमावस्येला धाकटीने मोठीसाठी कोरं लुगडं पाठवायचं, अशी रीत आहे. सासूबाईंनी बजावलं, “आंगावरचं देऊ नोको माय. जिचं नेसते, तिचं रूप घेते थे.”

१० फेब्रुवारी
वर जाऊन काय करता, असं ह्यांना विचारलं. म्हणाले, काही नाही, नुसता बसतो, तिच्याकडे बघतो. माझ्याजवळ कधी बसले आहेत इतका वेळ? जेवतानाही तोंड दाराकडे असतं. मी वाढते, आणि हे तिच्याकडे बघत घास घेतात. दगडाचा हेवा करणारी साऱ्या वऱ्हाडात मी एकटीच असेन. पण करते. खरं ते लिहिते.

१३ फेब्रुवारी
उद्या अमावस्या. ह्यांनी आज दाढी करून घेतली, अत्तराचा फाया काढून ठेवला. लग्नानंतर माझ्यासाठी एकदा तरी लावलं का अत्तर? आईने पोटाला चिमटा घेऊन घेतलेलं हिरवं कोरं लुगडं त्या सवतीला देऊ? मुळीच नाही. गाठोड्यात माझं जुनं जांभळं बांधलं, नेसून नेसून विरलेलं. कोणी उघडून बघितलं नाही. मोठी असशील तुझ्या घरची!

१४ फेब्रुवारी
संध्याकाळी हे परतले ते गाणं गुणगुणत. म्हणाले, जांभळा रंग तिला फार खुलतो. तेच लुगडं माझ्या अंगावर रोज बघत होते. तेव्हा नाही खुलला! उशीत तोंड खुपसून रडले.

१७ फेब्रुवारी
विहिरीवरून पाणी घेऊन आले तर सासूबाई चकित झाल्या. म्हणाल्या, “आत्ताच तं सैपाकघरात गेली होती तू.” मी हसण्यावारी नेलं. पण चूल पेटलेली होती. मी पेटवली नव्हती.

१९ फेब्रुवारी
स्वयंपाकघरात हे हसत होते, मोठ्याने, पोटभर. माझ्याशी असे कधी हसले नाहीत. धावत गेले तर दुसरं कोणीच नव्हतं. जमिनीवर काळ्या दगडाची कच सांडलेली. कुणाशी बोलत होता, विचारलं. म्हणाले, तुझ्याशीच तर.

२१ फेब्रुवारी
दिसली. भर दुपारी, गोठ्याच्या दाराशी. पाठमोरी. माझं जांभळं लुगडं, माझी वेणी, उभं राहायची ढबसुद्धा माझीच. हे तिच्या पायातला काटा काढत होते — तिचा पाय मांडीवर घेऊन. भीती नंतर वाटली. आधी अंगाची आग झाली.

२२ फेब्रुवारी
सासूबाईंना सगळं सांगितलं. त्यांनी कपाळ बडवून घेतलं. “काय केलं वं पोरी हे! कोरं घेऊन जाय, अन् तुह्यं रूप मांगून घे तिले.” बोलताना त्या माझ्याकडे निरखून बघत होत्या. मी नेमकी कोणती, याची त्यांना खात्री नसावी.

२३ फेब्रुवारी
वर आले आहे, रोजनिशी सोबत घेऊनच. माथ्यावर मोठी म्हणून पुजतात त्या शिळेला हिरवं लुगडं नेसवलं. पदर पसरून मागितलं, माझा नवरा मला परत दे. काही हललं नाही. इथे कोणी नाहीच. रिकामी शिळा. ती इथे नाही —

खाली आमचं अंगण दिसतं. जांभळं लुगडं नेसून ती ह्यांना वाढते आहे. सासूबाईंनी तिच्या डोक्यावरून हात फिरवला. धाकटी म्हणत असतील —

उठायला गेले. पाय उचलत नाहीत. गुडघ्यापर्यंत गार, काळे. बोटंही जड —

हे जेवता जेवता थांबले. मान वर केली. इकडे बघताहेत. माझ्याकडे! घरात अशा नजरेने एकदासुद्धा — तिला भरवायला उचललेला घास विसरले, नुसते बघताहेत —

अहो, मी आहे ही, मी! ऐकू जात नाही. नाव घेऊन हाक मारते, आता लाज कसली. इंद्रभा